तुमची लाईन कंची?

गेल्या वर्षी मार्चात घोटीला, आमच्या विहारात, जयंतीची बैठक होती. मी मागं भिंतीला टेकून बसलो होतो. रिटायर माणूस. सतरंजी झटकायला, चहा सांगायला आणि वर्गणीची वही सांभाळायला तेवढा उपयोगी. वक्ता कोण बोलवायचा यावरून वाद पेटला. ह्या गटाचा नको, त्या गटाचा चालेल, असं चाललं होतं. तेवढ्यात एक पोरगं उठलं. शिकलेलं, डोळ्यांत जाळ. थेट माझ्याकडं बघून म्हणालं,

"काका, तुम्ही एवढी वर्षं चळवळीत. पण तुमची लाईन काय, ते आज एकदा स्पष्ट करा."

मी म्हणालो, "बापाची रेल्वेची. माझी विजेची."

सगळे हसले. ते पोरगं हसलं नाही. त्याला पार्टीची लाईन विचारायची होती. मला ते कळलं नव्हतं असं नाही. पण तोंडातून जे खरं होतं ते आधी निघून गेलं.

रात्री झोप येईना. घरापासून लाईन जवळ. मालगाड्या रात्रभर जातात. पडल्या पडल्या मोजत होतो. गाड्या नाही, लाईनी. माझी आई एक दिवस शाळेत गेली नाही. 'रेषा' हा शब्द तिनं जन्मात उच्चारला नसेल. पण इंग्रजाची लाईन दिवसातून दहादा तिच्या तोंडी. रेल्वेची लाईन, पाण्याची लाईन, लायटीची लाईन, राकेलची लाईन. आम्ही पोरं मोठी झालो तशी आणखी आल्या. पोलीस लाईन. सायन्सची लाईन. धंद्याची लाईन. पोरीला मारायची लाईन. गरिबीची लाईन. आणि आता पोरांच्या मोबाईलमधली ऑनलाइन.

दोस्तांनो, एका शब्दात आमच्या तीन पिढ्या निघाल्या. म्हणून हे लिहितोय. त्या पोराचं उत्तर देणं बाकी आहे.

पहिली लाईन लोखंडाची. कसारा ते इगतपुरी हा थळ घाट १८६५ साली गाडीला खुला झाला. गाडी घाट चढते तेव्हा मागून ढकलायला जास्तीचं इंजिन लावतात, त्याला बँकर म्हणतात. घाट संपला की इगतपुरी, मग आमची घोटी. माझा आजा या लाईनीवर गँगमन. माझा बाप गँगमन. पहारीनं स्लीपरखाली खडी ठासायची. रूळ सरकवायचा. पावसाळ्यात रात्रीची गस्त. इकडचा पाऊस म्हणजे काय ते इकडच्यालाच माहीत. अंगावर घोंगडी, एका हातात कंदील, पिशवीत फटाके. दरड आली, खडी वाहून गेली, तर रुळावर फटाके ठेवायचे, म्हणजे इंजिनाखाली आवाज होतो नि ड्रायव्हर गाडी थांबवतो. हजार माणसं आत झोपलेली असतात. त्यांना ठाऊक नसतं, की बाहेर एक महाराचा माणूस कंदील घेऊन त्यांच्यासाठी भिजतोय.

बापाला सही येत नव्हती. पण इंग्रजी शब्द त्याच्या तोंडात गूळ खाल्ल्यासारखे. फिशप्लेट, बोल्ट, सिंगल, पॉइंट, लाईन क्लिअर. पुढच्या स्टेशनानं लाईन क्लिअर दिल्याबिगर मागचं स्टेशन गाडी सोडत नाही. मी सातवी पास झालो तेव्हा बाप म्हणाला होता, "आपल्या पोराला लाईन क्लिअर कोण देतो ते बघायचं."

कोणी दिली ते पुढं सांगतो.

रेल्वे आली तेव्हा आमच्या लोकांना वाटलं असेल, ही एक लाईन अशी की जिला गावकूस नाही. तिकीट काढलं की बसलं. पैशावर डबा, जातीवर नाही. पण डब्यातून उतरलं की जात फलाटावर उभीच. बाबासाहेब लहान होते, भाऊ आणि भाच्यांबरोबर वडिलांना भेटायला निघाले होते, १९०१ सालची गोष्ट. मसूर स्टेशनावर उतरले. कपडे चांगले, म्हणून स्टेशन मास्तरानं आधी आपुलकीनं चौकशी केली. जात ऐकली आणि त्याचा चेहरा बदलला. बाबासाहेबांनी हे स्वतः लिहून ठेवलंय. लोखंडाची लाईन माणसाला मसूरपर्यंत आणते. तिथून पुढं दुसरी लाईन सुरू होते. ती कुणाला दिसत नाही, पण सगळ्यांना पाठ असते.

आणि ती रेल्वेच्या आतही होती. फेब्रुवारी १९३८ मध्ये आपल्याच जिल्ह्यात, मनमाडला, जी.आय.पी. रेल्वेतल्या अस्पृश्य कामगारांची परिषद भरली. बाबासाहेब अध्यक्ष. ब्राह्मणशाही आणि भांडवलशाही हे कामगाराचे दोन शत्रू, हे त्यांनी तिथंच सांगितलं. ते वाक्य आपण पोस्टरवर लिहितो. पण त्याच परिषदेत त्यांनी गँगमनचं गाऱ्हाणंही मांडलं, ते आपण विसरतो. आपला माणूस गँगमन म्हणून लागतो आणि गँगमन म्हणूनच संपतो. त्याला पोर्टरसुद्धा करत नाहीत. का? तर पोर्टरला स्टेशन मास्तराच्या घरची कामं करावी लागतात, आणि मास्तराला घरात महार चालत नाही. म्हणजे लाईन बांधायला चालतो. लाईनीवर मरायला चालतो. मास्तराच्या चुलीपाशी त्याची लाईन संपते.

हे वाचलं तेव्हा मी पस्तिशीचा होतो. आजा का हातात पहार घेऊनच म्हातारा झाला, ते तेव्हा कळलं. तोवर मला वाटायचं त्याला मोठं व्हायची अक्कल नव्हती. आपल्याच आज्याला मी मनातल्या मनात अडाणी ठरवला होता. व्यवस्था अशी काम करते, बघा. दार ती लावते आणि लाज आपल्याला वाटते.

दुसरी लाईन धंद्याची. "काय, सध्या कुठल्या लाईनला?" असं माणसं सहज विचारतात. हॉटेल लाईन, ड्रायव्हर लाईन, मास्तरकीची लाईन. ऐकायला चांगलं वाटतं. जसं काही बाजारात दहा लाईनी मांडून ठेवल्यात, पाहिजे ती उचला. पूर्वी बलुतं म्हणायचे, आता लाईन म्हणतात. बाबासाहेबांनी १९३६ साली लिहिलं, की जात म्हणजे नुसती कामाची वाटणी नाही, ती काम करणाऱ्यांची वाटणी आहे. मुंबईच्या गिरण्या बघा. मशीनला काय जात कळते? पण विणकाम खात्यात आपल्या माणसाला घेत नसत. तिथं पगार बरा होता. कारण सांगायचे की धागा तुटला तर तोंडात धरून जोडावा लागतो, थुंकी लागते, मग बाकीच्यांना विटाळ. विलायतेहून मशीन आलं, विजेवर चाललं, आणि आपली लाईन आली रिंग खात्यात.

मला हेच शाळेत भेटलं. दहावीला गणितात मार्क बरे होते. मी सायन्स म्हणालो. गुरुजी वाईट माणूस नव्हता, मारायचा नाही, वही द्यायचा. प्रेमानंच म्हणाला, "बाळ, ती तुमची लाईन नव्हे. काहीतरी हाताचं काम शीक." त्यानं 'तुझी' म्हटलं असतं तर मी भांडलो असतो. 'तुमची' म्हणाला. त्या एका अक्षरात माझा आजा, बाप, आख्खा वाडा आला. मी गप्प बसलो. आयटीआयला वायरमनला नाव घातलं. बापाला म्हणालो, "लाईन क्लिअर मिळाली." बाप खूश झाला. त्याला मी खरं कधी सांगितलं नाही.

तर असा मी लाईनमन झालो. १९८१ साल. तिसरी लाईन ही.

खांबावर चढलं की गाव वेगळं दिसतं. गावात वस्तीची वाट आडवळणाची, पण वरून सगळं सरळ दिसतं. ट्रान्सफॉर्मर कुठं, तर वरल्या आळीजवळ. तिथून तारा निघतात. गिरण्यांना जातात. इकडं भाताच्या गिरण्या, घोटीचा तांदूळ लांब लांब जातो. मग बाजारपेठ, मग घरं. आणि सगळ्यात शेवटच्या खांबावर आमची वस्ती. त्याच्यापल्याड ठाकरांचा पाडा, तिथं तेव्हा खांबच नव्हता. लाईन जितकी लांब तितका तिच्यातला दाब कमी होत जातो. ट्रान्सफॉर्मरजवळच्या घरात बल्ब लखलखतो, टोकाच्या घरात तोच बल्ब विझत्या निखाऱ्यासारखा. वायर तीच, बिल तसंच. पोरं त्या निखाऱ्याखाली अभ्यास करतात आणि मग आपण म्हणतो, यांची लाईन सायन्सची नाही.

पाण्याचंही तेच. वैतरणेचं धरण आमच्या तालुक्यात. तिथलं पाणी मुंबईला जातं. मुंबईत आपलीच माणसं झोपडपट्टीत हंडे घेऊन लाईन लावतात, आणि इकडं धरणाच्या तालुक्यातल्या बाया एप्रिल-मेमध्ये डोक्यावर हंडा घेऊन झऱ्याला लाईन लावतात. दोन्ही टोकांना हंडाच.

आता जे सांगायचं टाळत होतो ते सांगतो.

१९८६ सालच्या एप्रिलची तेरा तारीख. घोटीपासून दोन कोसांवर एक गाव आहे, नाव लिहीत नाही. तिथल्या बौद्धवाड्यात माझी मावशी. उद्याच्या जयंतीचा मंडप पडलेला. पोरांनी खांबावर आकडा टाकून वीस बल्बांची माळ पेटवलेली. साहेबानं मला बोलावलं. म्हणाला, "तक्रार आलीय. आकडा काढ. लाईन तोड." गावात त्याच आठवड्यात जत्रा होती. देवळापुढच्या मंडपावर ट्यूबलाईटी, कर्णा, सगळं आकड्यावर. त्याची तक्रार कोण करणार? मी साहेबाला विचारलं, "दोन्ही काढू का?" साहेब फाईलमधून डोकं वर न काढता म्हणाला, "सांगितलं तेवढं कर."

मी सांगितलं तेवढं केलं.

सायकलवर बांबू बांधला आणि गेलो. माझी बायको तेव्हा पोटुशी होती, बापाची खोकल्याची औषधं माझ्या पगारावर होती. ही कारणं खरी आहेत. पण बांबू वर उचलताना ती मला आठवली नाहीत. मला भीती आठवली. आकडा खाली पडला. माळ विझली. लहान पोरं आधी ओरडली, मग मला ओळखून गप्प झाली. मावशी दारात बसली होती. ती रागावली नाही. म्हणाली,

"आरं, आम्हाला वाटलं आपला पोरगा लायनीवर चढला, आता आपल्याकडं उजेड येईल. तू तर त्येंच्या लायनीचा झाला."

दुसऱ्या दिवशी जयंती गॅसबत्तीवर झाली. मी गेलो. शेवटी उभा राहिलो. कोणी हाकललं नाही, कोणी पुढंही बोलावलं नाही. 'जय भीम'ला सगळ्यांबरोबर हात वर केला, तर तो हात मलाच जड लागला.

पुढं सहा महिने मी मावशीच्या घरी तोंड दाखवलं नाही. मग दिवाळीनंतर एक दिवस गेलो, आणि तिथल्या पोरांना घेऊन बसलो. म्हटलं, आकडा नको. अर्ज करू. सणासुदीला तात्पुरतं मीटर मिळतं, तो नियम आहे. आणि वस्तीला कायमचा वेगळा खांब मागू. पोरं म्हणाली, "तू आतला माणूस, तूच करून आण." मी नाही म्हणालो. म्हटलं, अर्ज तुमचा, सही तुमची, खिडकीपुढं उभं तुम्ही राहायचं. मी तुमच्याबरोबर लाईनीत उभा राहीन, आतून नाही.

घराघरातून दोन-दोन रुपये काढले. अनामत भरायला गेलो. रजा टाकली होती. खिडकीतला कारकून ओळखीचा. म्हणाला, "तू कशाला रांगेत? इकडून ये." आयुष्यात पहिल्यांदा कोणीतरी मला आतल्या दारानं बोलवत होतं. आत गेलो असतो तर पाच मिनिटांत काम झालं असतं. पण मागं मावशीच्या वाड्यातली चार पोरं बघत होती. मी लाईनीतच राहिलो. पुढं एक पाटलाचा माणूस होता, त्याच्यापुढं एक गिरणीवाला, मागं एक ठाकर म्हातारा. दुपारी एक वाजता आमचा नंबर लागला. पावती घेतली. १९८७ ची जयंती मीटरवर झाली. खांब यायला आणखी तीन वर्षं आणि कितीतरी अर्ज लागले, पण खांब आला.

त्या दुपारी उभ्या उभ्या पाय दुखत होते आणि डोक्यात एक गोष्ट लख्ख झाली. ही चौथी लाईन. रांग. हिच्यात कोण कुणाचा हे विचारत नाहीत, आधी कोण आलं एवढंच विचारतात. साधी गोष्ट. पण आमच्या आयांना विचारा. आईच्या लहानपणी विहिरीवर लाईन नव्हती. असती तर आईचा नंबर कधीतरी लागला असता. ती बाजूला मडकं घेऊन बसायची. कोणाला दया आली तर वरून ओतणार. ज्याला लाईनीत घेतलं नाही त्याचा नंबर कधी लागत नाही. भाताच्या आवणीला मात्र आईला लाईनीत घ्यायचे. गुडघाभर चिखलात पंधरा बाया एका ओळीत, सगळ्यांच्या पाठी सारख्याच वाकलेल्या. भाकरीला बांधावर बसल्या की दोन लाईनी व्हायच्या. घाम एका लाईनीत, घास दोन लाईनींत.

म्हणून मला वाटतं, २० मार्च १९२७ ला महाडला बाबासाहेब चवदार तळ्यावर गेले आणि मागून माणसं पाणी प्याली, तेव्हा ती नुसती तहान नव्हती. आम्ही लाईनीत उभे आहोत हे जगाला सांगणं होतं. २ मार्च १९३० ला नाशिकला चार-चारच्या रांगा करून मैलभर लांब मिरवणूक काळाराम मंदिरावर गेली. दारं बंद केली गेली. मिरवणूक गोदावरीच्या घाटाकडं वळली, तिथं सभा झाली. आमच्या इकडची माणसं चालत गेली होती त्याला. लाईन मोडली नाही. दार बंद करणाऱ्याला लाईनीचीच भीती होती.

बाकीच्या लाईनी तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक. लाईन मारणं म्हणजे पोरांना गंमत वाटते. पण आपल्या पोरानं जातीबाहेर नजर टाकली तर काय होतं, ते खर्ड्यानं दाखवलं. २८ एप्रिल २०१४. शाळकरी पोर, मुलीशी बोलतो या संशयावरून मारलं. २०१७ साली आरोपी सुटले. दारिद्र्याची लाईन तर सरकारच आखतं. तिच्याखाली असाल तर पिवळं कार्ड, चार रुपये जास्त मिळवले की वर. पोट तेवढंच राहतं. आणि आता ऑनलाइन. शिष्यवृत्तीचा फॉर्म ऑनलाइन, दाखला ऑनलाइन. मी नातीबरोबर फॉर्म भरायला दुकानात बसतो. सर्व्हर डाऊन. जुन्या लाईनीत पुढं कोण घुसला ते दिसायचं, दोन शिव्या देता यायच्या. ह्या लाईनीत पुढचा माणूसच दिसत नाही. नावंही बदलली. गँगमनला आता ट्रॅकमेंटेनर म्हणतात, लाईनमनला जनमित्र म्हणतात. ऊन, पाऊस नि करंट यांना मात्र नवी नावं माहीत नाहीत.

आता पोरा, तुझी लाईन. पार्टीची.

मी बऱ्याच बघितल्या. ३ ऑक्टोबर १९५७ ला रिपब्लिकन पक्ष निघाला, आणि दोन वर्षं होत नाहीत तोवर एक दुरुस्त आणि एक नादुरुस्त. बाप हसायचा. म्हणायचा, आमच्याकडं नादुरुस्त लाईनीवर गाडी सोडत नाहीत. १९७२ ला पँथर आली. अंगावर काटा यायचा. १९७४ ला फुटली. बुद्ध की मार्क्स, कुठली लाईन. मी तेव्हा शाळेत होतो आणि दोन्ही बाजूंची पत्रकं वाचून दोन्ही पटायची. वाद नको असं मी म्हणत नाही. बाप सांगायचा, दोन रुळांत मुद्दाम फट ठेवतात. उन्हात लोखंड वाढतं, फट नसली तर लाईन वाकडी होते. पण त्या फटीवर दोन्हीकडून फिशप्लेट लावून चार बोल्ट आवळलेले असतात. दादासाहेब गायकवाडांनी ६ डिसेंबर १९६४ पासून भूमिहीनांचा सत्याग्रह केला, माणसं लाईनीनं तुरुंगात गेली. तो बोल्ट होता. जमीन नसलेला माणूस लाईनीच्या टोकाला होता, आणि लढा तिथून सुरू झाला.

मला लाईनमनची एकच विद्या येते. लाईन ठीक आहे का हे ट्रान्सफॉर्मरजवळ उभं राहून बघायचं नसतं. तिथं दाब नेहमीच चांगला असतो. शेवटच्या खांबावर जायचं आणि तिथं बल्ब लावून बघायचा. पुस्तकातली लाईन असो, पुढाऱ्याची असो, तुझी असो. आपल्या वस्तीतली सफाईला जाणारी बाई, पाड्यावरचा ठाकर, वीटभट्टीवरचं कुटुंब, तिथं तुझ्या लाईनीचा उजेड पडतो का? पडत असेल तर ती माझी लाईन. नसेल तर कितीही लाल असो, कितीही निळी असो, ती वरल्या आळीची.

आणि मी हे बोलायला कुणी शहाणा नाही. आकडा काढणारा हात माझाच होता. मावशी १९९९ ला गेली. तिनं मला माफ केलं की नाही, हे मी कधी विचारलं नाही. खांब आला त्या दिवशी तिनं चहा दिला, एवढंच.

येत्या सोमवारी सकाळी दहाला पाड्यावरच्या अकरा घरांच्या मीटरचे अर्ज द्यायचेत. मी साडेनऊला खिडकीपुढं उभा असेन. तुझी लाईन कोणतीही असू दे. ये, माझ्या मागं उभा राहा. पाय दुखायला लागले की तू पुढं हो, मी मागं येतो.

जय भीम.